१९५६ च्या 'द प्राइस इज राइट'मध्ये किंमत कशी ओळखायचे?
लिलावासारखी बोली लावून. २६ नोव्हेंबर १९५६ ला अमेरिकेत एनबीसी या टीव्ही वाहिनीवर हा खेळ सुरू झाला, सूत्रसंचालक बिल कलन. चार स्पर्धक ओळीने बसत. वस्तू समोर आली की आळीपाळीने बोली चढवायची, नाहीतर ‘फ्रीज’ म्हणून आहे त्या आकड्यावर थांबायचं. दुकानातल्या खऱ्या किमतीच्या सर्वांत जवळ, पण तिच्या वर न गेलेला जिंकायचा. हाव नडायची ती इथेच: किंमत ५०० डॉलर असेल तर ५०१ वाला बाद आणि वस्तू ३०० वाल्याच्या घरी! काही फेऱ्यांत मात्र बोली एकदाच लावता यायची. प्रेक्षकांतून धावत येणं, मोठं चाक फिरवणं हे सगळं १९७२ ला सीबीएस वाहिनीवर सुरू झालेल्या नव्या अवतारातलं. जुन्यात ते शोधू नका.