वाचकांचे प्रश्न : निळे हेल्मेट आणि हुकूम कोणाचा?

प्रश्न : संयुक्त राष्ट्रांच्या निळ्या हेल्मेटवाल्या शांतिसैनिकांकडे रायफली असतात, चिलखती गाड्याही असतात. तरी जवळच्या गावावर हल्ला होतो आणि ते गोळी झाडत नाहीत. त्यांना परवानगीच नसते का?

परवानगी असते. १९९९ मध्ये पश्चिम आफ्रिकेतल्या सिएरा लिओनच्या मोहिमेला सुरक्षा परिषदेने पहिल्यांदाच नागरिकांचे रक्षण हे काम स्पष्ट शब्दांत नेमून दिले. त्यानंतरच्या बहुतेक मोठ्या मोहिमांत ते आहेच. बळ कधी वापरायचे याचे लेखी नियम प्रत्येक मोहिमेला मिळतात आणि सैनिकाच्या खिशात त्यांचे छोटे कार्ड असते. क्रम साधारण असा : आधी तोंडी इशारा, शक्यतो स्थानिक भाषेत, मग शस्त्र सज्ज करून दाखवायचे, मग इशाऱ्याची गोळी, शेवटी नेम धरून गोळी. अचानक हल्ला झाला आणि थांबल्यास कुणाचा जीव जाणार असेल, तर मधल्या पायऱ्या गाळता येतात. म्हणजे नियम काही फार आडवे येत नाहीत.

घोडे अडते ते दुसरीकडे. संयुक्त राष्ट्रांच्याच अंतर्गत तपासणी कार्यालयाने २०१४ मध्ये एक हिशेब मांडला. २०१० ते २०१३ या काळात नागरिकांवर झालेल्या ५०७ हल्ल्यांच्या नोंदी तपासल्या, तेव्हा मोहिमेने लगेच पाऊल उचलल्याची उदाहरणे फक्त १०१ निघाली. एक तर चौक्या लहान आणि लांब लांब असतात. पायदळाच्या बटालियनमध्ये साधारण ८५० माणसे. एका जागी चोवीस तास एक पहारेकरी उभा करायचा, तर पाळ्या आणि रजा धरून चार-पाच माणसे लागतात. तळाचा पहारा, रसदीच्या ताफ्याचे रक्षण, स्वयंपाक, दुरुस्ती, दवाखाना हे सगळे वजा केले की रात्री गस्तीला निघणारी माणसे फार थोडी उरतात. दुसरे कारण भीतीचे. गोळीबारात स्थानिक माणूस मेला तर खटला आपल्यावर, आणि आपला जवान मेला तर मायदेशी गदारोळ. काही न करणाऱ्या अधिकाऱ्यावर मात्र सहसा कारवाई होत नाही. हे उलटे गणित बदलल्याखेरीज नियमावली कितीही सुधारली तरी फरक पडेल असे आम्हाला वाटत नाही.

उलट टोकाचे उदाहरण काँगोचे. मार्च २०१३ मध्ये परिषदेने ३,०६९ सैनिकांची खास ब्रिगेड मंजूर केली आणि सशस्त्र गटांवर चढाई करण्याचा अधिकार दिला. दक्षिण आफ्रिका, टांझानिया आणि मलावीची ही फौज काँगोच्या लष्कराबरोबर लढली आणि नोव्हेंबरपर्यंत एम-२३ हा बंडखोर गट हरला. पण राजकीय तोडगा रेंगाळला. तोच गट पुढे परतला आणि जानेवारी २०२५ मध्ये त्याने गोमा शहर घेतले.

प्रश्न : ठराव मंजूर झाला की फौज पोहोचायला महिनोन् महिने का लागतात?

संयुक्त राष्ट्रांची स्वतःची फौज नाही, म्हणून. सनदेच्या ४३ व्या कलमात सदस्य देशांनी करार करून परिषदेला सैन्य उपलब्ध करून द्यावे असे म्हटले आहे. तसा एकही करार आजवर झालेला नाही. त्यामुळे प्रत्येक वेळी नव्याने फोनाफोनी. देश तयार झाला की त्याचे पथक जागा पाहून येते, संयुक्त राष्ट्रांचे पथक त्या तुकडीची तयारी तपासते, किती गाड्या, किती जनित्रे, किती खाटांचा दवाखाना याचा करार होतो. मग सामान जहाजाने बंदरावर आणि तिथून कच्च्या रस्त्याने शेकडो किलोमीटर. पावसाळा आडवा आला तर ताफा वाटेतच अडकतो.

पैशाची व्यवस्थाही समजून घ्या. २०१८ मध्ये दर सैनिकामागे महिन्याला १,४२८ डॉलर असा दर ठरला होता, आणि ती रक्कम सैनिकाला नव्हे, त्याच्या सरकारला मिळते. गाड्या व अवजड सामानाचे भाडे वेगळे. देखभाल देशाने करायची तर दर जास्त, संयुक्त राष्ट्रांनी करायची तर कमी. ठरावीक काळाने तपासणी होते आणि बंद पडलेल्या गाडीचे भाडे कापले जाते. संयुक्त राष्ट्रांना मोठी वर्गणी देणाऱ्या देशांनी हप्ता थकवला की ही परतफेड लांबते, आणि गरीब देश पुढच्या वेळी तुकडी देताना दहादा विचार करतात.

उशिराची किंमत रवांडात दिसली. वंशसंहार सुरू असताना २१ एप्रिल १९९४ रोजी परिषदेने तिथली फौज २७० वर आणली. १७ मे रोजी चूक उमगून ५,५०० सैनिक मंजूर केले. जुलैच्या मध्यास संहार थांबला, तेव्हा जागेवर त्यांच्या दहाव्या हिश्श्याच्या आसपासच माणसे होती.

प्रश्न : सैनिक नेमका कोणाचा हुकूम मानतो?

कागदावर मोहिमेच्या सेनाप्रमुखाचा. पगार, बढती आणि शिस्तभंगाची कारवाई मात्र स्वतःच्या देशाच्या हातात. त्यामुळे हुकूम अवघड असला की तुकडीप्रमुख आधी राजधानीला विचारतो. काही देश तर आधीच अटी घालतात : अमुक जिल्ह्याबाहेर जाणार नाही, रात्री गस्त घालणार नाही. उघड अटी निदान नियोजनात धरता येतात. ऐन वेळी बाहेर येणाऱ्या अटी सेनाप्रमुखाचा आराखडाच कोलमडवतात.

बोस्नियातल्या स्रेब्रेनित्सा शहरात याहून वाईट गुंता होता. १९९३ मध्ये या शहरासह परिषदेने जाहीर केलेल्या 'सुरक्षित क्षेत्रां'साठी सुमारे ३४,००० जादा सैनिक लागतील असा अंदाज दिला होता. मंजूर झाली ७,६०० ची 'हलकी' योजना. ठरावातही शब्द 'रक्षण' असा नव्हता, हल्ल्यापासून 'परावृत्त करणे' असा होता. जुलै १९९५ मध्ये तिथे सुमारे ४०० डच सैनिक होते. शहराला वेढून बसलेल्या बोस्नियन सर्ब फौजांनी ताफे अडवल्याने इंधन संपत आले होते आणि गस्त पायी चालली होती. विमानहल्ल्याला संयुक्त राष्ट्रे आणि नाटो या दोघांची संमती लागे. ११ जुलैला शहर पडले आणि पुढच्या काही दिवसांत सात हजारांहून अधिक पुरुष व मुलगे मारले गेले.

प्रश्न : यजमान देशाने 'निघा' म्हटले तर?

तर बहुधा निघावे लागते. १९५६ च्या सुएझ पेचानंतर, म्हणजे इस्रायल, ब्रिटन आणि फ्रान्सने इजिप्तवर केलेल्या हल्ल्यानंतर, पहिली सशस्त्र शांतिसेना उभी राहिली, ती इजिप्तच्या संमतीने आणि फक्त इजिप्तच्या ताब्यातल्या बाजूला. इस्रायलने आपल्या भूमीवर तिला कधीच घेतले नाही. मे १९६७ मध्ये इजिप्तने तिला जायला सांगितले. तेव्हा ती जेमतेम ३,४०० सैनिकांची होती आणि सेनाप्रमुख होते भारताचे मेजर जनरल इंद्रजित रिखी. महासचिव ऊ थांट यांनी मागणी मान्य केली, ५ जूनला इस्रायल आणि अरब देशांत युद्ध पेटले आणि दोष त्यांच्या माथी आला. आमच्या मते तो अन्याय होता. यजमानाच्या इच्छेविरुद्ध तिथे राहायचे तर त्याच्याच लष्कराशी लढावे लागले असते, आणि त्यासाठी ना माणसे होती ना तसा ठराव.

अलीकडचे उदाहरण पश्चिम आफ्रिकेतल्या माली या देशाचे. जून २०२३ मध्ये सरकारने मागणी केली आणि डिसेंबरअखेर फौज बाहेर पडली. ताफ्यांना परवानग्या मिळेनात म्हणून उत्तरेकडच्या तळांवरचे काही सामान स्वतःच नष्ट करावे लागले. म्हणून मोहीम आखतानाच परतीचा रस्ता, ट्रक आणि परवानग्या यांचा वेगळा आराखडा हवा.

प्रश्न : १९५० मध्ये कोरियात लढलेली फौज शांतिसेनाच होती ना?

नाही. ती एका बाजूने लढणारी, अमेरिकेच्या हुकमाखालची फौज होती. परिषदेत चीनच्या खुर्चीवर कोणत्या सरकारचा प्रतिनिधी बसणार या वादावरून सोव्हिएत प्रतिनिधी परिषदेवर बहिष्कार टाकून बसला होता, म्हणून नकाराधिकार वापरला गेला नाही आणि ७ जुलैच्या ठरावाने त्या फौजेला संयुक्त राष्ट्रांचा झेंडा वापरायची मुभा मिळाली. ऑगस्टमध्ये सोव्हिएत प्रतिनिधी परतला आणि तो मार्ग बंद झाला. २७ जुलै १९५३ रोजी शस्त्रसंधी झाली. शांतता करार आजही झालेला नाही.