वाचकांचे प्रश्न : लाल उजेड दिसतो, पण आवाज येत नाही

टीव्ही, सेट टॉप बॉक्स, साउंडबार आणि ॲम्प्लिफायर ऑप्टिकल केबलने जोडताना येणाऱ्या अडचणींबद्दल वाचकांनी बरेच प्रश्न विचारले आहेत. एकाच आशयाचे प्रश्न एकत्र करून त्यांतील काहींची उत्तरे येथे दिली आहेत. मेनूमधील शब्द प्रत्येक कंपनीचे वेगळे असतात. त्यामुळे आपल्या टीव्हीवर नेमके तेच नाव न दिसल्यास त्या अर्थाचा पर्याय शोधावा.

प्रश्न : नवा साउंडबार टीव्हीला ऑप्टिकल केबलने जोडला. केबलच्या टोकाला लाल उजेड स्पष्ट दिसतो, तरी साउंडबार गप्प आहे. टीव्हीच्या स्वतःच्या स्पीकरमधून मात्र आवाज येतो. केबल बदलून घ्यावी का?

उत्तर : एवढ्यात बदलू नये. दुसऱ्या टोकापर्यंत उजेड पोहोचतो आहे, याचा अर्थ केबल बहुधा शाबूत आहे. टीव्हीच्या ऑप्टिकल पोर्टमध्ये एक लहानशी लाल एलईडी असते. तिच्या सुमारे ६५० नॅनोमीटर तरंगलांबीच्या प्रकाशाची सेकंदाला लाखो वेळा उघडझाप होते आणि साधारण १ मिलिमीटर जाडीच्या प्लास्टिकच्या तंतूतून तो पलीकडे जातो. ही उघडझाप डोळ्यांना जाणवत नाही, आपल्याला नुसता स्थिर उजेड दिसतो. त्यामुळे त्या उजेडावरून एलईडी चालू आहे आणि तंतू तुटलेला नाही, एवढेच कळते. त्यात आवाजाची माहिती आहे की नाही, आणि असल्यास ती साउंडबारला उलगडता येईल अशा स्वरूपात आहे की नाही, हे त्यावरून कळण्याचा मार्ग नाही.

या जोडणीचा एक स्वभाव लक्षात घेतला, की निम्म्याहून अधिक तक्रारींचा उलगडा होतो. ऑप्टिकल जोडणी एकतर्फी आहे. पोस्टाच्या पेटीत पत्र टाकून मोकळे व्हावे, तसा टीव्ही आवाज पाठवून मोकळा होतो. पलीकडे कोणी आहे का, त्याला ही भाषा येते का, याची त्याला कधीच खबर मिळत नाही. एचडीएमआयने, म्हणजे चित्र आणि आवाज दोन्ही नेणाऱ्या केबलने जोडलेली उपकरणे आपल्याला काय काय समजते ते एकमेकांना कळवतात. ऑप्टिकलमध्ये ते काम आपल्याला मेनूत जाऊन हाताने करावे लागते, आणि तेच करायचे राहून गेलेले असते.

तेव्हा प्रथम साउंडबारचा इनपुट पाहावा. त्याच्या रिमोटवरील इनपुट किंवा सोर्सचे बटण दाबत गेल्यावर साउंडबारच्या पडद्यावर ऑप्टिकल, डिजिटल इन किंवा तत्सम अक्षरे येतात; काही साउंडबारवर फक्त दिव्याचा रंग बदलतो आणि कोणता रंग कशाचा हे माहितीपुस्तिकेतच सापडते. साउंडबार ब्लूटूथवर राहिलेला असणे ही अगदी नेहमीची गोष्ट आहे. त्यानंतर टीव्हीच्या ध्वनीविषयक मेनूत ‘साउंड आउटपुट’ हा पर्याय शोधून तो ‘टीव्ही स्पीकर’वरून ‘ऑप्टिकल’ किंवा ‘बाह्य स्पीकर’वर न्यावा. काही टीव्हींच्या पोर्टमध्ये हा पर्याय निवडलेला नसतानाही उजेड असतो, म्हणूनच फसगत होते. शेवटी ‘डिजिटल आउटपुट फॉरमॅट’ या पर्यायात ‘पीसीएम’, म्हणजे संकुचित न केलेला साधा डिजिटल आवाज, निवडावे. पीसीएम न समजणारा साउंडबार सहसा सापडत नाही. या सेटिंगवर आवाज आला, तर केबल आणि दोन्ही पोर्ट चांगले आहेत हे नक्की समजावे.

आणखी दोन बारीक गोष्टी आहेत. नव्या केबलच्या दोन्ही टोकांवर पारदर्शक प्लास्टिकची इवलीशी टोपणे असतात. ती इतकी बेमालूम असतात की केबलचाच भाग वाटतात, आणि ती तशीच ठेवून केबल खुपसली तर ती नीट बसत नाही. शिवाय पोर्टचा आकार पूर्ण चौकोनी नसतो, त्याचे दोन कोपरे तिरके कापलेले असतात. त्याप्रमाणे केबलचे टोक फिरवून सरळ आत दाबल्यावर हलकासा ‘टक’ असा आवाज येतो. तो येईपर्यंत केबल बसली असे धरू नये. सेट टॉप बॉक्स जोडत असल्यास तिच्या ‘आउट’मधून निघालेली केबल साउंडबारच्या ‘इन’मध्ये जाते आहे, हेही पाहून घ्यावे, कारण दोन्ही पोर्ट दिसायला सारखेच असतात.

प्रश्न : बातम्या आणि मालिका व्यवस्थित ऐकू येतात, पण काही चित्रपट लावले की साउंडबार एकदम मुका होतो. एकदा तर आवाजाऐवजी मोठी खरखर आली. असे निवडक वेळीच का होते?

उत्तर : हा वरील एकतर्फी व्यवहाराचाच परिणाम आहे. आपल्या टीव्हीचे सेटिंग बहुधा ‘ऑटो’, ‘बिटस्ट्रीम’ किंवा ‘पास थ्रू’ यावर असावे. अशा वेळी कार्यक्रमाचा आवाज मुळात ज्या स्वरूपात आहे त्याच स्वरूपात टीव्ही तो पुढे ढकलतो. बातम्यांचा साधा स्टीरिओ आवाज साउंडबारला कळतो. चित्रपटाचा आवाज डॉल्बी डिजिटल किंवा डीटीएस या संकुचित, म्हणजे दाबून कमी जागेत बसवलेल्या स्वरूपातला निघाला आणि साउंडबारमध्ये तो उलगडणारा डीकोडर नसला, तर साउंडबार गप्प बसतो. काही उपकरणे गप्प न बसता त्या संकुचित माहितीलाच साधा आवाज समजून वाजवू लागतात. आपण ऐकलेली खरखर हीच. ती बरीच मोठी असू शकते, म्हणून असे प्रयोग करताना आवाज आधी कमी करून ठेवावा.

ही वेगवेगळी स्वरूपे मुळात का लागतात, हे आकड्यांवरून पटकन समजते. ऑप्टिकल केबलमधून जाणारी एसपीडीआयएफ ही पद्धत सोनी आणि फिलिप्स यांनी दोन चॅनलच्या, म्हणजे डाव्या आणि उजव्या स्पीकरच्या स्वतंत्र आवाजासाठी आखली. १६ बिट आणि ४८ किलोहर्ट्झच्या (सेकंदाला ४८ हजार नोंदी, प्रत्येक नोंद १६ बिटांची) एका चॅनलला सेकंदाला ७६८ किलोबिट लागतात, म्हणजे स्टीरिओला सुमारे १.५ मेगाबिट. पाच स्पीकर आणि एक सबवूफर अशा ५.१ मांडणीचे सहा चॅनल असेच मोकळे पाठवायचे म्हटले, तर साडेचार मेगाबिटांहून अधिक लागतील, आणि दोन चॅनलच्या जागेत ते मावत नाहीत. डॉल्बी डिजिटल हेच सहा चॅनल जास्तीत जास्त ६४० किलोबिटांत बसवते आणि डीटीएस सुमारे १.५ मेगाबिटांत. त्यामुळे ऑप्टिकलवरून ५.१ आवाज हवा असेल, तर तो या संकुचित रूपातच पाठवावा लागतो. ‘पीसीएम’ निवडल्यास तोच आवाज टीव्ही आधी दोन चॅनलमध्ये मिसळतो आणि मग पाठवतो.

म्हणून साउंडबारच्या खोक्यावर किंवा पुस्तिकेत डॉल्बी डिजिटलचा उल्लेख आहे का, ते पाहावे. असल्यास टीव्हीवर ‘डॉल्बी डिजिटल’ हा पर्याय निवडावा. नसल्यास पीसीएम ठेवून निश्चिंत व्हावे. दोनच स्पीकरच्या साउंडबारला ५.१ पाठवून तसाही फारसा फायदा होत नाही. डीटीएसच्या बाबतीत आणखी एक मेख आहे. बरेच टीव्ही डीटीएस पुढे पाठवतच नाहीत, त्यामुळे साउंडबारला ते कळत असूनही उपयोग होत नाही. अशा वेळी डिस्क प्लेअरला ऑप्टिकल आउटपुट असल्यास तो थेट साउंडबारला जोडावा आणि टीव्हीकडे फक्त चित्र न्यावे.

डॉल्बी ट्रूएचडी, डीटीएस-एचडी मास्टर ऑडिओ आणि डॉल्बी ॲटमॉस या वरच्या दर्जाच्या ध्वनिस्वरूपांपैकी काहीही ऑप्टिकल केबलवरून जात नाही. त्यासाठी कोणतेही सेटिंग शोधत बसू नये.

प्रश्न : साउंडबार उत्तम वाजतो, पण टीव्हीच्या रिमोटने त्याचा आवाज कमीजास्त होत नाही. दोन रिमोट सांभाळणे टाळता येईल का?

उत्तर : ऑप्टिकल केबलमधून फक्त आवाज जातो, रिमोटची आज्ञा जात नाही. काही टीव्हींत डिजिटल आउटपुटची पातळी बदलती ठेवण्याची सोय असते, ती पाहावी. काही साउंडबार दुसऱ्या कंपनीच्या रिमोटची बटणे शिकून घेतात. तो उपाय अधिक सुटसुटीत आहे. दोन्ही उपकरणांवर ‘एआरसी’ (टीव्हीचा आवाज एचडीएमआय केबलवरूनच साउंडबारकडे नेण्याची सोय) अशी खूण असलेला एचडीएमआय पोर्ट असेल, तर मात्र सरळ एचडीएमआय केबल वापरावी. २००९ सालच्या एचडीएमआय १.४ पासून ही सोय आली. तिच्यात टीव्हीच्या रिमोटने आवाज बदलतो आणि टीव्हीबरोबर साउंडबारही बंद होतो. एआरसी नीट चालत असताना ऑप्टिकलचा हट्ट धरण्यात अर्थ नाही, असे आमचे मत आहे.

प्रश्न : आवाज अधूनमधून क्षणभर तुटतो आणि पुन्हा सुरू होतो. कधी तासभर काही होत नाही, कधी लागोपाठ तीनचारदा होते.

उत्तर : तो केव्हा तुटतो, हे एक संध्याकाळभर पाहावे. कार्यक्रमातून जाहिरात किंवा जाहिरातीतून कार्यक्रम सुरू होताना तुटत असेल, तर आवाजाचे स्वरूप बदलते आहे आणि साउंडबार नव्या स्वरूपाशी जुळवून घेताना क्षणभर थांबतो आहे. टीव्हीला ‘पीसीएम’वर कायम ठेवले, की हे थांबते. कोणत्याही वेळी, बोलण्याच्या मध्येच तुटत असेल, तर मात्र केबलकडे वळावे.

दोन्ही उपकरणे बंद करून केबल दोन्ही टोकांकडून काढावी. टोकाच्या मधोमध टाचणीच्या डोक्याएवढा गोल, गुळगुळीत ठिपका दिसतो. प्रकाश येतो आणि जातो तो एवढ्याच जागेतून. त्यावर धूळ, बोटाचा तेलकट डाग किंवा ओरखडा असेल, तर पलीकडे पोहोचणारा प्रकाश मंदावतो. कोरड्या, मऊ, धागे न सुटणाऱ्या कापडाने तो हलकेच पुसावा. पोर्टमध्ये काडी, पिन किंवा ओला बोळा घालू नये. पोर्टवर उघडझाप करणारे झाकण असेल, तर ते अर्धवट मोडून आत अडकलेले नाही ना, हेही पाहावे.

केबल टीव्हीमागे कशी वळली आहे, ते त्यानंतर पाहावे. भिंतीवर लावलेल्या टीव्हीमागे जागा अपुरी असते आणि केबल पोर्टमधून बाहेर पडताच काटकोनात दुमडली जाते. तारेला हे चालते, प्लास्टिकच्या तंतूला चालत नाही. तीव्र वळणावर प्रकाश तंतूबाहेर निसटतो आणि चुणी पडली की ती कायमची राहते. केबल कपाटाच्या पायाखाली दबलेली असेल, तरी हाच परिणाम होतो. वळण रुंद ठेवावे, जागाच नसेल तर काटकोनी जोड वापरावा. साध्या प्लास्टिकच्या केबलची लांबी ५ मीटरच्या आत असलेली बरी. १० मीटरची केबल चालते असा अनुभव अनेकांना येतो, पण तिथे एलईडी जराशी मंद झाली तरी आवाज तुटू लागतो.

ऑप्टिकलमध्ये आवाज हळूहळू खराब होत नाही. माहिती वाचता येते तोवर तो स्वच्छ असतो आणि ती वाचता येईनाशी झाली की तो तुटतो. आवाज फिका किंवा दबलेला वाटत असेल, तर दोष केबलमध्ये शोधू नये.

प्रश्न : माझ्याकडे जुना स्टीरिओ ॲम्प्लिफायर आहे, त्याला फक्त लाल-पांढरे आरसीए सॉकेट आहेत. नव्या टीव्हीला मात्र ऑप्टिकलखेरीज काही नाही. जोडता येईल का?

उत्तर : अवश्य. डिजिटल आवाजाचे ॲनालॉगमध्ये रूपांतर करणारी डॅक नावाची छोटी डबी मिळते. टीव्हीकडून तिच्यात ऑप्टिकल केबल न्यावी आणि तिच्यातून लाल-पांढरी केबल ॲम्प्लिफायरच्या ‘ऑक्स’ किंवा ‘सीडी’ सॉकेटमध्ये लावावी. ‘फोनो’ सॉकेट तबकडीवादकासाठी असतो. त्यात लावल्यास आवाज फाटका आणि कर्कश येईल. अशा स्वस्त डब्यांना बहुधा फक्त पीसीएम कळते, म्हणून टीव्हीचे सेटिंग पीसीएमवरच हवे. डबीला यूएसबीतून वीज लागते. ती टीव्हीच्या यूएसबी पोर्टमधून घेतल्यास टीव्हीबरोबर डबी बंद होते, ही सोयच आहे. पण आवाजात कुरकुर ऐकू आल्यास मोबाइलच्या चार्जरवर लावून पाहावी.

जुन्या ॲम्प्लिफायरला तारेने टीव्ही जोडल्यावर अनेकदा अखंड घुंऽऽ असा आवाज येतो. दोन उपकरणांच्या अर्थिंगमधून वीज फिरू लागल्याने तो येतो. ऑप्टिकल केबलमध्ये धातूची तार नसल्याने या वाटेने ती फिरू शकत नाही.

प्रश्न : पडद्यावरील ओठ आणि आवाज जुळत नाहीत.

उत्तर : आवाज आधी येतो की मागून, हे प्रथम ठरवावे, कारण उपाय परस्परविरुद्ध आहेत. सेट टॉप बॉक्सचा आवाज थेट साउंडबारला दिला असेल, तर चित्रावरची प्रक्रिया टीव्हीत चाललेली असते आणि आवाज पुढे पळतो. अशा वेळी साउंडबारवरील ‘ऑडिओ डिले’, म्हणजे आवाज मुद्दाम उशिरा देण्याचे सेटिंग, थोडेथोडे वाढवत न्यावे. आवाज मागून येत असेल, तर टीव्ही आणि साउंडबार दोन्हींवरील डिले शून्यावर आणावा आणि पीसीएम निवडावे, म्हणजे साउंडबारचा डीकोडिंगचा वेळ वाचतो. आवाज मागे पडत असताना चित्राचा ‘गेम मोड’ लावू नये. त्याने चित्र आणखी लवकर येते आणि अंतर वाढते.

प्रश्न : सोन्याचा मुलामा दिलेल्या महाग ऑप्टिकल केबलने आवाज सुधारतो का?

उत्तर : नाही. सोन्याचा मुलामा तारेच्या जोडाला गंज चढू नये म्हणून देतात. प्रकाश वाहून नेणाऱ्या केबलमध्ये विजेचा जोडच नसतो, तेव्हा तो मुलामा निव्वळ शोभेचा आहे. तोशिबाने १९८३ मध्ये सीडी प्लेअरसाठी ही जोडणी ‘टॉसलिंक’ या नावाने आणली. पाहायचेच असेल तर टोक घट्ट बसते का, आवरण जाड आहे का आणि लांबी गरजेपुरतीच आहे का, हे पाहावे. मिनी टॉसलिंक नावाचा हेडफोनच्या पिनसारखा दिसणारा प्रकारही असतो, म्हणून केबल घेण्यापूर्वी दोन्ही उपकरणांचे पोर्ट एकदा बघून घ्यावेत.