पंगत शेवटचीच का?

प्रश्न : आमच्या करवीर तालुक्यातील गावात यात्रेच्या महाप्रसादासाठी वर्गणी घरटी सारखीच घेतली जाते, पण आमच्या वस्तीची पंगत नेहमी सर्वांत शेवटी बसते. वडील म्हणतात, गप्प राहा. काय करावे?

उत्तर : वडिलांना दोष देऊ नका, त्यांना उद्या त्याच गावात ऊस तोडायला माणसे आणि अडीनडीला शेजार हवा आहे. तरीही पातेल्याच्या तळाचा गार भात आणि पातळ झालेली आमटी पत्रावळीवर येईपर्यंत ताटकळणारी मुले काय शिकतात, हा प्रश्न मला अस्वस्थ करतो. ज्या करवीर संस्थानात शाहू महाराजांनी १९१९ मध्ये सार्वजनिक ठिकाणी अस्पृश्यता पाळण्यास मनाई केली, तेथे ‘रीत’ हे कारण पुरेसे नाही. वर्गणी गोळा करण्यापूर्वीच्या बैठकीत, दोन-तीन समजूतदार मानकऱ्यांना आधी भेटून, ‘येईल तो बसेल’ अशी एकच पंगत मागा. ऐन यात्रेत वाद काढू नका. जातीवरून भेद होत असेल, तर १९५५ चा नागरी हक्क संरक्षण कायदा आहे, आणि बोलल्याबद्दल वाळीत टाकलेच, तर सामाजिक बहिष्काराविरुद्धचा राज्याचा २०१६ चा कायदाही तुमच्या पाठीशी आहे.