निवेदन नाही, मुलाखत नाही. मग दिग्दर्शक करतो काय?

प्रश्न : फ्रेडरिक वाइजमन यांचा ‘सिटी हॉल’ (2020) हा माहितीपट पाहिला. साडेचार तास! निवेदक नाही, मुलाखत नाही, पार्श्वसंगीत नाही. कॅमेरा लावला आणि लोकांना बोलू दिलं, यात दिग्दर्शकाचं काम ते काय? कॅमेऱ्यासमोर माणसं नाटक करत नाहीत का? आणि त्यांचं आणखी काही पाहायचं तर सुरुवात कुठून करू?

उत्तर : मी पेशाने संकलक. त्यामुळे माझं उत्तर संकलनाच्या बाजूला झुकणारच, हे आधीच सांगते.

पहिली गोष्ट, कॅमेरा वाइजमन यांच्या हातात नसेच. ते ध्वनिमुद्रण करत. माइक घेऊन ते स्वतः, सोबत छायालेखक आणि एक मदतनीस, एवढीच फौज. माइक कुणाकडे वळतो यावरून आणि हाताच्या खुणांवरून छायालेखकाला दिशा मिळे. आधी फारसा अभ्यास करायचा नाही, शूटिंग हाच अभ्यास, असा त्यांचा खाक्या. काही आठवड्यांत शंभर-शंभर तासांचं फुटेज जमवायचं आणि मग कित्येक महिने एकट्याने कापत बसायचं. आधी एकेक प्रसंग सुटा बांधायचा. कोणता कुठे जाणार, हे अगदी शेवटी. माझ्या मते दिग्दर्शन घडतं ते इथे.

‘हाय स्कूल’ (1968) घ्या. फिलाडेल्फियातली एक शाळा. शिस्त, कपडे, ‘सांगितलं तेवढं कर’ हे सगळं आपण तासभर पाहतो. शेवटी मुख्याध्यापिका एका माजी विद्यार्थ्याचं पत्र वाचतात. तो व्हिएतनाममध्ये मोहिमेवर निघालाय. आपण म्हणजे कामगिरी बजावणारं एक शरीर, बाकी काही नाही, अशा अर्थाचं त्यानं लिहिलंय. असं पत्र येतं म्हणजे आपली शाळा यशस्वी झाली, असं बाई अभिमानाने म्हणतात. आणि चित्रपट संपतो. हेच पत्र सुरुवातीला लावलं असतं तर एका शूर मुलाची हृद्य गोष्ट झाली असती. फुटेज तेच, शब्द तेच. जागा बदलली की अर्थ बदलतो. निवेदकाची गरजच काय?

त्यांचा हात नेहमी इतका हलका नव्हता. वाइजमन मूळचे कायद्याचे प्राध्यापक. विद्यार्थ्यांना मॅसॅच्युसेट्समधल्या ब्रिजवॉटर इथे मनोरुग्ण कैद्यांची संस्था दाखवायला नेत. तिथेच पुढे ‘टिटिकट फॉलीज’ (1967) झाला. त्यात एका कैद्याला नाकात नळी घालून जबरदस्तीने अन्न देताहेत आणि मध्येमध्ये त्याच माणसाचं प्रेत पुरण्यासाठी तयार करतानाचे शॉट येतात. विद्यार्थीदशेत दोन दृश्यं अशी जोडणाऱ्या या ‘कट’ने मी हादरले होते. आज तो जरा जास्तच बोलका वाटतो. प्रेक्षकाच्या खांद्याला धरून हलवल्यासारखा. या चित्रपटावर कैद्यांच्या खासगीपणाच्या कारणावरून न्यायालयाने निर्बंध घातले. डॉक्टर, वकील, विद्यार्थी अशांनाच तो दाखवता येई. सर्वसामान्यांसाठी परवानगी मिळाली थेट 1991 मध्ये. खासगीपणाचा मुद्दा खोटा नव्हता, पण लाज कैद्यांपेक्षा सरकारला जास्त वाटत होती, असं माझं मत.

आता नाटकाचं. करतात, थोडं करतातही. पण माणूस आपल्या वकुबाबाहेरचं नाटक करू शकत नाही. न्यू यॉर्कच्या सरकारी मदतकेंद्रावरचा ‘वेल्फेअर’ (1975) पाहा. ज्याचा चेक अडकलाय, राहायला जागा नाही, त्याचं लक्ष खिडकीपलीकडच्या कारकुनाकडे असतं, कॅमेऱ्याकडे नाही. कारकूनही नियम सांगून सांगून थकलेला. खोटं वागणारा एखादा सापडलाच, तर तो प्रसंग संकलनात गळतो. किंवा मुद्दाम ठेवला जातो! अधिकारी मंडळी कॅमेऱ्यासाठी जे गोड बोलतात, तेही एक वागणंच असतं.

सुरुवात ‘हाय स्कूल’पासूनच करा, सव्वा तासाचा आहे. मग ‘हॉस्पिटल’ (1970), तोही दीड तासाच्या आतला. बॉस्टनच्या अतिदक्षता विभागातला ‘निअर डेथ’ (1989) जवळजवळ सहा तासांचा आहे, तो एवढ्यात नको. व्हेंटिलेटर ठेवायचा की काढायचा, हेच बोलणं डॉक्टर, परिचारिका आणि नातेवाईक त्यात पुन्हा पुन्हा करतात. तो कापून दोन तासांचा करता आला असता, पण मग तेच तेच बोलावं लागण्याचा शीण त्यात उरला नसता.