ता. क. मधली ती किरकोळ रक्कम

तुमचं पत्र दोनदा वाचलं. इतर वाचकांसाठी थोडक्यात सांगते. क्रेडिट कार्डाच्या स्टेटमेंटवर चार महिन्यांपासून दर महिन्याच्या सात-आठ तारखेला एकच रक्कम वजा होते आहे आणि समोरचं नाव घरात कुणाच्याच ओळखीचं नाही. तुम्हाला कार्ड आजच कायमचं बंद करायचं आहे आणि प्रकरण मिटेपर्यंत बिलही भरायचं नाही. यजमान म्हणतात, एवढ्याशा रकमेसाठी बँकेत कोण खेटे घालणार, सोडून दे. दोघांत बरोबर कोण, असा तुमचा प्रश्न. आणि सहीच्या खाली ता. क.: ‘या महिन्यात आणखी एक अगदी किरकोळ रक्कम गेली आहे, नाव वेगळंच आहे, पण ती इतकी छोटी की तिच्याबद्दल काही म्हणणं नाही.’

मला घाई आहे ती या ता. क. मधल्या रकमेची. जिच्यावर तुम्ही दोन पानं लिहिलीत, ती मोठी कपात बहुधा निरुपद्रवी आहे.

आधी मोठीचं बघू. ठरलेली तारीख, पैशापैशानं तीच रक्कम, सलग चार महिने. चोरीचं कार्ड वापरणारा सहसा इतक्या शिस्तीत वागत नाही. कार्ड बंद व्हायच्या आत जमेल तेवढं उचलायचं, हा त्याचा हिशेब. दरमहा नेमानं जाणारी रक्कम म्हणजे बहुतेक वेळा कुणीतरी कधीतरी घेतलेलं सबस्क्रिप्शन.

नाव ओळखीचं नाही याचं फारसं नवल नाही. कार्डाच्या व्यवहारात विक्रेत्याचं नाव, शहर आणि देश मिळून ४० अक्षरांची जागा असते आणि त्यातली २२ ते २५ अक्षरं नावाच्या वाट्याला येतात. नाव लांब असेल तर ते मध्येच कापलं जातं. शिवाय तिथे ॲपचं नाव येईलच असं नाही. ते ॲप चालवणाऱ्या, आपण कधी न ऐकलेल्या कंपनीचं कागदोपत्री नावही येतं. तुम्ही ती ओळ पत्रात जशीच्या तशी उतरवलीत हे फार चांगलं केलंत. आधी काही अक्षरं, मग चांदणीचं चिन्ह, मग अर्ध्यात तुटलेला शब्द आणि शेवटी देशाची दोन अक्षरं. चांदणीच्या आधीची अक्षरं सहसा पैसे गोळा करून देणाऱ्या मधल्या कंपनीची असतात, खरा विक्रेता चांदणीच्या पुढे असतो. तुम्ही आतापर्यंत पहिल्या तुकड्यावर शोध घेतलात. आता दुसऱ्यावर घ्या.

त्याहून खात्रीचा मार्ग म्हणजे रकमेवरून शोधणं. कार्ड तुमचं, सासऱ्यांकडे आणि मुलाकडे ॲड-ऑन कार्डं. म्हणजे तीन ईमेल खाती झाली. तिन्ही खात्यांत तो आकडा दशांशासकट टाकून शोधा, स्पॅमचा कप्पाही सोडू नका. तिन्ही फोनमध्ये ॲप स्टोअरच्या सबस्क्रिप्शनच्या पानावर जाऊन या. मग पहिल्या कपातीची तारीख घ्या आणि तिच्या सात, चौदा आणि तीस दिवस आधी घरात काय चाललं होतं ते आठवा. ‘पहिले काही दिवस मोफत’ या योजनांच्या मुदती साधारण अशाच असतात आणि मुदत संपल्यावर कपात आपोआप सुरू होते. एवढ्यानंही उलगडा झाला नाही तर बँकेला त्या व्यवहाराचा चार आकडी मर्चंट कॅटेगरी कोड आणि विक्रेत्याचा संपर्क मागा. धंदा कशाचा आहे हे कळलं तरी अर्धं कोडं सुटतं.

हे सगळं न करता थेट ‘फ्रॉड’ म्हणून तक्रार केली तर काय होतं, हे मी जवळून पाहिलं आहे. एका कुटुंबानं अशीच मासिक कपात बँकेला फसवणूक म्हणून कळवली. बँकेनं रक्कम तात्पुरती परत दिली. विक्रेत्यानं मात्र नोंदणीचा ईमेल, फोनचा तपशील आणि लॉगिनच्या तारखा पुढे केल्या. ईमेल आजोबांचा निघाला. नातवंडांचे फोटो साठवायला त्यांनीच जादा जागा घेतली होती आणि ते विसरूनही गेले होते. पैसे पुन्हा वजा झाले आणि मधल्या काळात फोटोंचं खातं थकबाकीत जाऊन गोठलं. आजोबांच्या चेहऱ्यावरचा अपराधीपणा मला अजून आठवतो. त्यांना घरात आधी शांतपणे विचारलं असतं तर यातलं काहीच झालं नसतं. म्हणून सासऱ्यांना आणि मुलाला ‘हे कुणी केलं’ असं विचारू नका. ‘हे कशाचं असेल, बघू या का’ असं विचारा. माणसं घाबरली की नाही म्हणून मोकळी होतात.

आता ती किरकोळ रक्कम. चोरीला गेलेले कार्ड नंबर विकत घेणारे लोक आधी ते चालू आहेत की नाही हे तपासतात. त्यासाठी नगण्य रकमेचा एक व्यवहार करतात, मुद्दाम इतका छोटा की कार्डधारक दुर्लक्षच करेल. तो पार पडला की मोठी खरेदी येते, कधी काही तासांत, कधी काही आठवड्यांनी. म्हणून ‘एवढ्याशा रकमेसाठी कोण खेटे घालणार’ हे यजमानांचं म्हणणं मोठ्या कपातीबाबत निदान समजण्यासारखं आहे. या रकमेला ते लावायचंच नाही.

याची साधी कारणंही असू शकतात. कुणी नव्या ॲपमध्ये कार्ड जोडलं की पडताळणीसाठी छोटी रक्कम जाते आणि सहसा काही दिवसांत परत येते. परदेशी चलनातल्या व्यवहारावर बँक वेगळं शुल्क लावते, पण त्या नोंदीत शुल्क असल्याचा उल्लेख असतो आणि आजूबाजूला मूळ व्यवहारही दिसतो. तुमच्या उताऱ्यात तसं काही नाही. तेव्हा घरात एकच प्रश्न विचारा: गेल्या महिन्याभरात कुणी कुठे कार्ड नव्यानं घातलं का? तिघांचंही उत्तर नाही असेल तर आजच बँकेला कळवा.

आजच म्हणते, कारण घड्याळ चालू असतं. भारतीय रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानं नियम असा घातला: चूक बँकेची नाही आणि ग्राहकाचीही नाही, अशा अनधिकृत व्यवहाराची बँकेकडून सूचना मिळाल्यापासून तीन कामकाजी दिवसांत कळवलं तर ग्राहकावर शून्य जबाबदारी, चार ते सात दिवसांत कळवलं तर मर्यादित जबाबदारी आणि त्यापुढे बँकेच्या धोरणावर. ग्राहकाची चूक सिद्ध करण्याचा भारही बँकेवरच टाकला. अमेरिकेत क्रेडिट कार्डाच्या बिलातली चूक लेखी कळवायला स्टेटमेंट पाठवल्यापासून ६० दिवस मिळतात. युरोपीय संघात अनधिकृत व्यवहार कळवण्याची कमाल मुदत १३ महिने आहे, पण लक्षात येताच विलंब न लावता कळवणं अपेक्षित असतं. देश कुठलाही असो, उशिराचा तोटा ग्राहकाच्याच माथी येतो.

व्हिसा आणि मास्टरकार्डच्या चार्जबॅकची, म्हणजे विक्रेत्याकडून रक्कम परत खेचण्याची, मुदत बहुतेक कारणांसाठी १२० दिवसांची असते. तुमची पहिली मोठी कपात चार महिन्यांपूर्वीची आहे, म्हणजे ती काठावर आली आहे. म्हणून शोधाशोध एका संध्याकाळीच उरका, रविवारवर ढकलू नका.

बँकेशी बोलताना दोन वाक्यं वेगवेगळी ठेवा. किरकोळ रकमेबद्दल म्हणा, ‘हा व्यवहार मी किंवा माझ्या घरातल्या कुणीही केलेला नाही.’ मोठीबद्दल तेवढंच म्हणा जेवढं खरं आहे: ‘ही नोंद मला ओळखू येत नाही, तपशील हवा आहे.’ पहिलं वाक्य फसवणुकीच्या विभागात जातं, दुसरं चौकशीत. दोन्हींना एकच वाक्य लावलंत आणि मोठी कपात घरातलीच निघाली, तर खऱ्या चोरीबद्दलच्या तुमच्या शब्दालाही वजन राहणार नाही. दोन्हींचे तक्रार क्रमांक वेगळे घ्या आणि त्याच दिवशी ईमेलनंही कळवून ठेवा.

फोन कार्डाच्या पाठीवर छापलेल्या नंबरवरच करा. कस्टमर केअरचा नंबर इंटरनेटवर शोधू नका, तिथे भामट्यांनी आपले नंबर पेरून ठेवलेले असतात. पैसे परत मिळवायला कुणी ओटीपी मागितला किंवा स्क्रीन दिसावी म्हणून एखादं ॲप घ्यायला सांगितलं तर तिथेच फोन ठेवा. तुमच्यासारख्या आधीच धास्तावलेल्या माणसाला गाठणं त्यांना सोपं जातं, म्हणून हे पुन्हा पुन्हा सांगावंसं वाटतं.

कार्ड बंद करायचं का? किरकोळ रक्कम घरातली नसेल तर होय, नंबर बदलूनच घ्या. आत्ता ॲपमधून तात्पुरतं लॉक करा, मग फोन लावा. फक्त एक गैरसमज मनातून काढून टाका. कार्ड बदललं की सबस्क्रिप्शन आपोआप थांबतं असं नाही. कार्ड नेटवर्ककडे नवा नंबर विक्रेत्यापर्यंत पोचवणारी सेवा असते आणि बँक त्यात सामील असेल तर जुनी कपात नव्या कार्डावर निमूटपणे सुरू राहते. तात्पुरत्या लॉकमध्येही पुष्कळ बँका ठरलेल्या कपाती चालू ठेवतात. उलट ज्या कपाती तुम्हाला हव्या आहेत, विम्याचा हप्ता किंवा वीजबिल, त्यातली एखादी नेमकी अडकते. म्हणून मोठी कपात सबस्क्रिप्शन निघालं तर ते विक्रेत्याकडेच रद्द करा, रद्द झाल्याचा ईमेल जपून ठेवा आणि बँकेला त्या विक्रेत्याची परवानगी काढून टाकायला सांगा. गेलेले चार महिने हक्कानं मागता येणार नाहीत, पण वापर झाला नसेल तर शेवटच्या एक-दोन महिन्यांची रक्कम नम्रपणे मागून बघा, पुष्कळदा मिळते.

बिल रोखून धरण्याच्या मात्र मी पूर्ण विरोधात आहे. वादातली रक्कम बिलाच्या तुलनेत नगण्य आहे. ड्यू डेटपर्यंत पूर्ण बिल भरलं नाही तर व्याज लागतं, विलंब शुल्क लागतं, बिनव्याजी मुदत जाते आणि क्रेडिट स्कोअरवर डाग पडतो. फक्त मिनिमम ड्यू भरूनही व्याज सुटत नाही. एखाद्या बिलात वादाची रक्कमच मोठी असती तर मी वेगळं सांगितलं असतं: तक्रार लेखी नोंदवा, तेवढ्या रकमेवर व्याज थांबवल्याचं बँकेकडून लेखी घ्या आणि बाकीचं बिल वेळेवर भरा. तुमच्या बाबतीत मात्र पूर्ण भरा आणि परतावा मागा.

परतावा आला की लगेच हुरळून जाऊ नका. चौकशी चालू असताना मिळणारी रक्कम तात्पुरती जमा असते आणि निकाल विरुद्ध गेला तर तीच पुन्हा वजा होते. पुढची दोन-तीन स्टेटमेंटं आली की ती जमा आणि तिच्याखालच्या नोंदी बोट ठेवून वाचा. तक्रार बंद झाल्याचं पत्र येईपर्यंत ते पैसे महिन्याच्या हिशेबात धरू नका.