आजोबांच्या स्पूल टेप आणि लेकीचं करिअर

नागपूरच्या महाल भागातून एका आईंचं पत्र आलं आहे. मुलगी बी.एस्सी. इलेक्ट्रॉनिक्सच्या दुसऱ्या वर्षाला आहे. माळ्यावर आजोबांच्या भजनी मंडळाच्या वीसेक स्पूल टेप (मोठ्या चकतीवर गुंडाळलेल्या ध्वनिफिती) सापडल्या, तेव्हापासून तिचं एकच चाललंय: जुनी ध्वनिमुद्रणं जपण्याचं काम करायचं आणि त्यासाठी बी.एस्सी. सोडून संगीताला प्रवेश घ्यायचा. "यात पोट भरतं का?" असं त्यांनी विचारलंय.

ताई, भरतं, पण उशिरा. आकाशवाणीचा संग्रह, मुंबईचं एनसीपीए हे कलाकेंद्र, गुरुग्राममधलं अमेरिकन इन्स्टिट्यूट ऑफ इंडियन स्टडीजचं १९८२ साली स्थापन झालेलं केंद्र अशा जागा आहेत. कायम पदं मात्र मोजकीच. बरंचसं काम प्रकल्पापुरतं, कंत्राटी असतं. हे लेकीला आजच सांगा.

पण बी.एस्सी. सोडू देऊ नका. गाण्याचे जाणकार या कामाकडे येतात; बंद पडलेलं स्पूल मशीन उघडून बसणारं माणूस सापडत नाही. सुटे भाग मिळत नाहीत, जुन्या दोन मशीनचं एक करावं लागतं. टेपवरचा आवाज वाचणाऱ्या हेडचा कोन केसभर चुकला तरी वरचे सूर बोथट होतात. त्याच चुकलेल्या कोनात डिजिटल करून ठेवलं आणि पुढे टेप खराब झाली, की ते सूर गेले. डिजिटल करताना आवाज किती बारकाईने टिपायचा, याचा आंतरराष्ट्रीय शिरस्ता ९६ किलोहर्ट्झ, २४ बिट असा आहे. म्हणजे स्टिरिओत तासाभराची फाइल सुमारे २ जीबीची. आणि तासाभराच्या टेपसमोर निदान तासभर कान देऊन बसावंच लागतं. तुमच्या लेकीचा खरा हुंडा, म्हणाल तर, तिच्या हातातलं सोल्डरिंग आहे.

पदवीनंतर नोंदींचं शास्त्र शिकू द्या. नागपूर विद्यापीठात ग्रंथालयशास्त्र आहे, दिल्लीत राष्ट्रीय अभिलेखागाराची एक वर्षाची पदविका आहे. झाडीपट्टीतली दंडार ही लोककला असो की खंजिरी भजन, कोण गातंय, कुठल्या गावी, कुठल्या साली, हे लिहिलेलं नसेल तर ती फाइल पुढे कोणालाच शोधता येत नाही. कायद्याचीही ओळख हवी. प्रकाशित ध्वनिमुद्रणावर ६० वर्षं हक्क असतो.

आता त्या वीस टेप. उत्साहाच्या भरात वाजवू नका. व्हिनेगरसारखा वास येत असेल ती वेगळी ठेवा. चिकट लागली तर तिथेच थांबा. हेडला लागते ती तपकिरी भुकटी म्हणजेच आवाज असतो. माळ्यावरून आधी उतरवा, आपला मे महिना तिथे कोणी सोसू शकत नाही. कूलरच्या खोलीतही नकोत, ती हवा दमट. आतल्या खोलीत, स्पीकरपासून लांब, उभ्या ठेवा. आणि मंडळातले कोणी हयात असतील तर या रविवारीच लेकीला टेपचे डबे घेऊन त्यांच्याकडे पाठवा, कोणत्या टेपवर कोण गातंय ते लिहून घ्यायला.