हिवाळ्यातील शिमला: प्रथमच जाणाऱ्यांसाठी

नांदेड, परभणी किंवा जालन्याहून सचखंड एक्सप्रेसने अंबाल्याला उतरून कालका गाठावे, कारण १९०३ साली सुरू झालेल्या ९६ किलोमीटरच्या कालका-शिमला छोट्या रेल्वेचा प्रवास दिवसाउजेडी करण्यातच खरी मौज आहे. मात्र डिसेंबर-जानेवारीत उत्तरेकडील धुक्यामुळे गाड्या तासन्‌तास रखडतात, म्हणून पुढचे आरक्षण त्याच दिवसाचे न करता मध्ये एक मुक्काम ठेवावा. बर्फासाठी जानेवारी-फेब्रुवारी निवडावा. तरीही तो पडेलच अशी हमी कोणी दिल्यास विश्वास ठेवू नये. परभणीच्या थंडीचा कितीही बोलबाला असला तरी इथला एक स्वेटर तिथे पुरत नाही, आणि न घसरणारे बूट तर हवेतच. खोलीतील हीटरचे पैसे वेगळे लागतात का, हे आधीच विचारावे. चार दिवसांत मनालीही उरकण्याचा मोह टाळावा.